तारीख पडली की दर वेळी जावंच लागतं का? सोलापुरातल्या नव्या माणसासाठी हजेरी माफीची माहिती

आमच्या वकीलसाहेबांच्या ऑफिसात मी कारकून म्हणून बरीच वर्षं अर्ज लिहितोय. त्यातल्या एका विडी कामगार अक्कांची गोष्ट आधी सांगतो.

केस शेजारच्या भांडणाची होती. भारतीय दंड संहितेची कलमं ३२३, ५०४, ५०६, म्हणजे साधी मारहाण, शिवीगाळ आणि धमकी. सात आरोपी. तारखेच्या आदल्या रात्री अक्का उशिरापर्यंत जागून विड्या वळायच्या, कारण दुसऱ्या दिवशी एकही वळून होणार नाही हे ठरलेलं. कारखान्यात माल द्यायला जाता आलं नाही की पुढचं पान-तंबाखू मिळत नाही. म्हणजे एका तारखेचे दोन दिवस बुडाले. सातांपैकी कुणीतरी एक गैरहजर असायचा, मग पुढची तारीख. अशी चार वर्षं अक्का आल्या. व्हरांड्यात भिंतीला टेकून बसायच्या, पुकारा झाला की आत जाऊन हात जोडून उभ्या राहायच्या आणि पुढची तारीख घेऊन बाहेर यायच्या. चार वर्षांत न्यायाधीश साहेबांनी त्यांना एकही प्रश्न विचारला नव्हता.

मी एकदा विचारलं, "अक्का, कायमच्या माफीचा अर्ज दिलाय का?"

त्या ताठ झाल्या. म्हणाल्या, "माफी कशाला मागू? मी मारलंच नाही."

हा घोळ फक्त अक्कांचा नाही. 'माफी' शब्द ऐकला की लोकांना वाटतं गुन्हा कबूल करायचा. हजेरी माफीचा गुन्ह्याशी काही संबंध नाही. "मी स्वतः आज येऊ शकत नाही, माझे वकील माझ्या जागी उभे आहेत, काम चालू द्या" एवढाच त्याचा अर्थ. अर्ज दिल्याने तुमच्या बचावाला काहीही धक्का लागत नाही.

दुसरी चूक याच्या उलट टोकाची असते. "एवढ्या तारखा झाल्या, काही होत नाही, या वेळी नाही गेलो तर काय बिघडलं?" असं म्हणून माणूस न सांगता घरी राहतो, आणि महिन्याभराने पोलीस दारात येतात. रोज मरमर करत येणं आणि न सांगता बुडवणं या दोन्हीच्या मधे कायद्याने सरळ रस्ता ठेवलेला आहे. तो कसा वापरायचा ते सांगतो.

आधी कलमं समजून घ्या

जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत, म्हणजे १९७३ च्या सीआरपीसीत, दोन कलमं होती. कलम २०५ आणि कलम ३१७. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली, तिच्यात हीच कलमं अनुक्रमे २२८ आणि ३५५ झाली. तुमचा खटला १ जुलै २०२४ च्या आधीपासून चालू असेल तर तो जुन्या संहितेनेच चालतो, त्यामुळे अर्जावर जुनं कलम येतं. नंतरचा असेल तर नवं.

कलम २०५, आताचं २२८, मॅजिस्ट्रेटसाठी आहे. समन्स काढतानाच किंवा त्यानंतर मॅजिस्ट्रेटना योग्य वाटलं तर ते आरोपीला स्वतः येण्यातून मोकळं करून वकिलामार्फत हजर राहू देतात. लोक ज्याला 'कायमची माफी' म्हणतात ती बहुतेक वेळा या कलमाखाली मिळते. कायमची म्हटली तरी कोर्ट कधीही "आता स्वतः या" असं सांगू शकतं, हे त्याच कलमात लिहिलेलं आहे.

कलम ३१७, आताचं ३५५, मॅजिस्ट्रेट आणि सेशन्स जज्ज दोघांनाही वापरता येतं आणि चौकशीच्या किंवा खटल्याच्या कुठल्याही टप्प्यावर. "आज ताप आहे, आजच्या दिवसापुरती माफी द्या" हा रोजचा अर्ज याच कलमाखालचा. यात एक अट पक्की आहे : आरोपीचा वकील हजर पाहिजे. वकील नसेल तर हे कलम उपयोगाचं नाही. आणि कोर्टाने कारणं लिहून आदेश करायचा असतो, म्हणून तुमच्या अर्जात कारण स्पष्ट असलं पाहिजे.

नव्या कलम ३५५ च्या स्पष्टीकरणात एक चांगली गोष्ट आली आहे. आरोपी दृकश्राव्य इलेक्ट्रॉनिक माध्यमातून, म्हणजे व्हिडिओ कॉन्फरन्सने हजर झाला तरी ती त्याची वैयक्तिक हजेरीच धरली जाते. पुण्यात नाहीतर भिवंडीत कामाला गेलेल्या आपल्याकडच्या मुलांनी हे लक्षात ठेवावं. मात्र त्यासाठी आधी कोर्टाची परवानगी लागते. आयत्या वेळी वकिलाच्या मोबाईलवर व्हिडिओ कॉल लावून दाखवणं म्हणजे हजेरी नव्हे.

पहिल्या तारखेला जा

समन्स हातात पडलं की पहिली तारीख चुकवू नका. त्या दिवशी वकीलपत्र दाखल होतं, जामीन होतो, जातमुचलक्यावर, म्हणजे तारखांना हजर राहीन या लेखी हमीवर, तुमची सही लागते. जामीनदार सातबारा किंवा घरपट्टीची पावती घेऊन तुमच्यासोबत येतो. हे एकदा नीट झालं की पुढच्या माफीचा पाया पक्का होतो. आधी एकदाही तोंड न दाखवलेल्या माणसाचा माफीचा अर्ज कोर्ट संशयाने बघतं, आणि त्यात कोर्टाचं फार चुकतं असं मला वाटत नाही.

तरीही पहिल्या तारखेला खरोखरच येता येत नसेल, बाळंतपण असेल, ऑपरेशन असेल, तर अर्ज देण्याचा हक्क तेव्हाही आहे. 'जामीन झाल्याशिवाय माफीचा अर्जच चालत नाही' असं बऱ्याच जणांना ठासून सांगितलं जातं. सर्वोच्च न्यायालयाने मे २०२४ मध्ये शरीफ अहमद विरुद्ध उत्तर प्रदेश सरकार या निकालात सांगितलं आहे की माफी देण्याचा अधिकार जामिनानंतरच वापरता येतो असा आखडता अर्थ काढू नये. वकिलाला या निकालाची आठवण करून द्या.

वकील परवडत नसेल तर जिल्हा न्यायालयातल्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या कार्यालयात जा. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीचे लोक, औद्योगिक कामगार, अपंग व्यक्ती यांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. १५१०० या नंबरवर फोन करूनही विचारता येतं. तालुक्याला केस असेल, बार्शी, पंढरपूर, अक्कलकोट, करमाळा, कुठेही, तर तिथल्या कोर्टातच तालुका विधी सेवा समिती असते.

एका दिवसाची माफी

अर्ज अगदी साधा असतो. आमच्याकडे साधारण असा लिहितो :

मे. प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी साहेब, सोलापूर यांचे कोर्टात
आर.सी.सी. नं. ……/……
सरकार — फिर्यादी
विरुद्ध
…… व इतर — आरोपी

विषय : आरोपी नं. ३ यांची आज रोजीची गैरहजेरी माफ होणेबाबत.

आरोपी नं. ३ तर्फे विनंती अर्ज ऐसा जे,

१) सदरचे काम आज रोजी साक्षीपुराव्याकामी नेमलेले आहे.

२) आरोपी नं. ३ यांना काल सायंकाळपासून ताप व उलट्यांचा त्रास होत असून डॉक्टरांनी तीन दिवस विश्रांती सांगितली आहे. डॉक्टरांचा दाखला सोबत जोडला आहे.

३) आरोपीची गैरहजेरी हेतुपुरस्सर नाही. आरोपीतर्फे वकील हजर असून आजचे कामकाज वकिलांमार्फत चालविण्यास तयार आहेत. पुढील तारखेस आरोपी हजर राहतील.

सबब विनंती की, आरोपी नं. ३ यांची आज रोजीची गैरहजेरी माफ करण्यात यावी.

सोलापूर, दि. ……
आरोपी नं. ३ तर्फे वकील

यातला तिसरा मुद्दा नीट वाचा. "आजचे कामकाज वकिलांमार्फत चालविण्यास तयार आहेत" हे वाक्य मी आवर्जून घालतो. न्यायाधीश साहेबांना खरी काळजी असते ती खटला अडण्याची. साक्षीदार मोहोळहून एसटीने येऊन बसलाय, आणि आरोपी नाही म्हणून त्याला परत पाठवायचं, असं झालं की कुठलेही न्यायाधीश वैतागतील. तुमच्या गैरहजेरीने काम थांबणार नाही एवढी खात्री अर्जाने दिली की अर्ज मंजूर होण्याची शक्यता पुष्कळ वाढते.

कारण खरं लिहा आणि कागद जोडा. आजारपणाला डॉक्टरचा दाखला, त्यात किती दिवस विश्रांती ते लिहिलेलं हवं. प्रवासाला तिकीट, परीक्षेला हॉलतिकीट, घरच्या लग्नाला पत्रिका, मयतीला नातं सांगणारं दोन ओळींचं निवेदन. प्रत्येक तारखेला "ताप" लिहू नका. रोजनाम्यात प्रत्येक तारखेची नोंद असते, आणि साहेब पानं मागे उलटून बघतात. तिसऱ्यांदा ताप दिसला की चौथ्यांदा खरा ताप आला तरी कुणी विश्वास ठेवत नाही. खरं कारण छोटं असलं तरी चालतं. "यंत्रमागावर आज बदली कामगार मिळाला नाही, न आल्यास काम जाईल" असं मी एका विणकरासाठी लिहिलं होतं, मालकाचं पत्र जोडलं होतं. मंजूर झालं. यात्रेचं किंवा वारीचं कारण असेल तर मात्र आदल्या तारखेलाच सांगून ठेवा. सिद्धेश्वराच्या यात्रेचा गड्डा कधी भरतो नि आषाढी कधी येते हे सगळ्यांना आधीच माहीत असतं, आयत्या दिवशी ते कारण लंगडं पडतं.

आता वेळेबद्दल, कारण सगळ्यात जास्त नुकसान इथेच होतं.

कोर्ट अकराच्या सुमाराला बसतं. बोर्डावर, म्हणजे त्या दिवशीच्या केसेसच्या यादीत, तुमची केस पाचवी असेल तर पुकारा लगेचही होऊ शकतो. मागे एक जण पावणेअकराला आवारात आला, वकील दुसऱ्या कोर्टात गुंतलेत हे बघितलं आणि चहा प्यायला बाहेर गेला. शिपायाने नाव पुकारलं, एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा. कुणी नाही. रोजनाम्यात लिहिलं गेलं, 'आरोपी व त्याचे वकील गैरहजर, वॉरंट काढावे.' तो अकरा चाळीसला घाम पुसत आला तेव्हा पुढच्या तीन केसेस होऊन गेल्या होत्या. त्याच दिवशी वॉरंट रद्दचा अर्ज देऊन काम भागलं, पण तेवढ्यासाठी संध्याकाळपर्यंत थांबावं लागलं.

म्हणून तुम्ही येणार नसाल तर आदल्या दिवशी वकिलाला फोन करा, कागदाचा फोटो पाठवा, आणि "अर्ज पुकाऱ्याआधी टेबलावर जाईल ना?" असं स्पष्ट विचारा. सकाळी दहाला पाठवलेला मेसेज कामाचा नाही, वकील तेव्हा गाडीवर असतो. तुमच्या वकिलाच्या कारकुनाचा नंबरही जवळ ठेवा. सांगायला संकोच वाटतो, पण बहुतेक अर्ज आम्हीच आत नेऊन देतो.

सरकारी केस असेल तर अर्जावर सरकारी वकिलांचा 'से', म्हणजे लेखी म्हणणं, घेतला जातो. खासगी फिर्याद असेल तर समोरच्या वकिलाचा. 'योग्य तो आदेश व्हावा' एवढं ते लिहून देतात, कधी 'हरकत आहे' असंही लिहितात. मग साहेब अर्जावरच आदेश करतात आणि अर्जाला निशाणी नंबर, म्हणजे केसच्या कागदांतला क्रमांक, पडतो. मंजूर झाला की पुढची तारीख विचारून घ्या, आणि 'ई-कोर्ट्स सर्व्हिसेस' या ॲपवरही तपासा. प्रत्येक केसला १६ अंकी-अक्षरी सीएनआर नंबर असतो, तो टाकला की पुढची तारीख आणि टप्पा दिसतो. तारीख नुसती ऐकून लक्षात ठेवणं आता सोडा.

कायमची माफी

माझ्या मते जास्तीत जास्त लोकांनी मागायला हवी ती ही, आणि सगळ्यात कमी मागितली जाते तीही हीच.

ही माफी हक्क म्हणून मिळत नाही, न्यायाधीशांच्या विवेकावर असते. सर्वोच्च न्यायालयाने टी. जी. एन. कुमार विरुद्ध केरळ राज्य या २०११ च्या निकालात हेच सांगितलंय की मॅजिस्ट्रेटच्या या अधिकाराला सरसकट नियमांनी बांधता येणार नाही. त्यामुळे तुमच्या परिस्थितीचं चित्र अर्जात नीट उभं राहिलं पाहिजे. वय, आजार, गाव किती लांब, कामाचं स्वरूप, घरी अंथरुणाला खिळलेलं कुणी आहे का, गुन्हा किती गंभीर, आतापर्यंत किती तारखांना हजर राहिलात. खून, बलात्कार, मोठी फसवणूक अशा केसेसमधे ही माफी मिळणं अवघड असतं. साधी मारहाण, न वटलेला चेक, अपघात, दोन वर्षांपर्यंत शिक्षेचे समन्स केसचे गुन्हे यांत मिळण्याची शक्यता चांगली असते.

चेकच्या केसचं वेगळं सांगायला हवं, कारण आपल्या सोलापुरात त्या पुष्कळ. चेक न वटल्याची, म्हणजे निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स ॲक्टच्या कलम १३८ ची फिर्याद २०१५ च्या दुरुस्तीनंतर ज्याला चेक दिला त्याचं खातं ज्या शाखेत आहे तिथल्या कोर्टात होते. आपल्याकडचा टॉवेल-चादरवाला सूत घेतो कोइम्बतूरच्या गिरणीचं किंवा इचलकरंजीच्या व्यापाऱ्याचं. चेक परत गेला की केस तिकडे. दर तारखेला माग बंद ठेवून इतक्या लांब जाणं म्हणजे निकालाआधीच शिक्षा. भास्कर इंडस्ट्रीज विरुद्ध भिवानी डेनिम या २००१ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने अशाच चेकच्या प्रकरणात सांगितलं की लांबच्या आरोपीला फार त्रास होत असेल तर मॅजिस्ट्रेट त्याची हजेरी माफ करू शकतात, पण आरोपीने तीन गोष्टींची हमी द्यावी. एक, खटल्यातला आरोपी मीच आहे याबद्दल वाद घालणार नाही. दोन, माझा वकील प्रत्येक तारखेला हजर राहील. तीन, माझ्या गैरहजेरीत साक्ष नोंदवायला माझी हरकत नाही.

आजही कायमच्या माफीच्या जवळजवळ प्रत्येक अर्जात या तीन हम्या असतात, चेकची केस नसली तरी. पण पहिली हमी लिहून देण्याआधी वकिलाशी बोला. "मी तिथे नव्हतोच, साक्षीदाराने मला चुकीचं ओळखलं" हाच तुमचा बचाव असेल तर ओळखीबद्दलचं वाक्य फार जपून लिहावं लागतं. 'खटल्यात ज्याचं नाव आहे तो इसम मीच' हे कबूल करणं वेगळं आणि 'घटनेच्या वेळी तिथे मी होतो' हे कबूल करणं वेगळं. घाईत छापील अर्जावर सही करून दोन्ही एकत्र करून टाकलेले लोक मी पाहिलेत. शिवाय अशा केसमधे साक्षीदार ओळख पटवणार असेल त्या दिवशी कोर्ट तुम्हाला बोलावतंच.

नवरा-बायकोच्या वादात सासू, सासरे, नणंद, दीर सगळेच आरोपी असतात. नणंद लग्न होऊन लातूरला, दीर मुंबईला. २०१८ मध्ये सोशल ॲक्शन फोरम फॉर मानव अधिकार या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की अशा केसमधे माफी हवी असेल तर टप्प्याप्रमाणे २०५ किंवा ३१७ खाली अर्ज करावा. प्रत्येकासाठी वेगळा अर्ज आणि प्रत्येकाचं वेगळं कारण लिहा. सगळ्यांचा एकच अर्ज दिला की सगळ्यांचा एकदमच नामंजूर होतो.

अर्ज द्यायचा दिवस निवडा. तुम्ही स्वतः हजर असाल त्या तारखेला द्या. अर्जाखाली तुमची सही, सोबत प्रतिज्ञापत्र, आणि साहेबांनी काही विचारलं तर उत्तर द्यायला तुम्ही समोर. गुडघ्याच्या दुखण्याने काठी टेकत आलेली म्हातारी बाई समोर उभी असताना, तिला जिने चढताना काय त्रास होतो हे चार ओळींत लिहायची फारशी गरज उरत नाही.

अक्कांचा अर्ज आम्ही असाच दिला. मजुरी नगावर, घरी अर्धांगाचे यजमान, चार वर्षांत एकही तारीख चुकवलेली नाही हे रोजनाम्यावरून दाखवलं. सरकारी वकिलांनी हरकत घेतली नाही. मंजूर झाला. बाहेर आल्यावर त्यांनी तीन वेळा विचारलं, "म्हणजे पुढच्या तारखेला नको यायला? नक्की?" मी त्यांना अर्जावरचा आदेश मराठीत वाचून दाखवला, मग त्यांच्या मुलाला फोन लावून तेलुगूत त्यांना समजावायला सांगितलं. तेव्हा त्या डबा उघडून भाकरी-शेंगाचटणी खायला बसल्या. चार वर्षं त्या कोर्टाच्या आवारात काही खात नव्हत्या, पुकारा चुकेल म्हणून.

माफी मिळाल्यावर

वकील गैरहजर राहिला तर माफी असूनही अडचण होते, कारण माफी वकिलाच्या हजेरीवर उभी आहे. म्हणून दर तारखेच्या संध्याकाळी फोन करून काय झालं ते विचारा. वकिलाची फी थकवू नका. पत्ता बदलला, मोबाईल नंबर बदलला की लगेच कळवा. कायमची माफी मिळालेली माणसं केस विसरून जातात, आणि कोर्टाने "पुढच्या तारखेला आरोपींनी हजर राहावे" असं म्हटलेलं त्यांच्यापर्यंत पोचतच नाही.

काही दिवस यावंच लागतं. दोषारोप वाचून दाखवायच्या दिवशी, म्हणजे 'चार्ज'ला, कोर्ट बहुतेक वेळा आरोपी समोर मागतं. नव्या संहितेत तो व्हिडिओ कॉन्फरन्सनेही वाचून दाखवता येतो. साक्षी संपल्यावर आरोपीचा जबाब होतो, जुन्या संहितेत कलम ३१३, नव्यात ३५१. तुमच्याविरुद्ध जे जे आलं त्याबद्दल तुमचं म्हणणं त्यात विचारतात. समन्स केसमधे माफी असेल तर कोर्ट हा जबाबही वगळू शकतं, पण माझा सल्ला, शक्य असेल तर या एका दिवशी या. आपली बाजू आपल्या तोंडाने सांगण्याची ही जागा आहे.

वॉरंट निघालं तर

घाबरून गाव सोडू नका. वॉरंट आपोआप संपत नाही. ते बजावलं जाईपर्यंत किंवा कोर्ट रद्द करेपर्यंत चालू राहतं, मग पाच वर्षं जावोत. पुढे फरार घोषित होण्यापर्यंत गोष्ट जाऊ शकते. शिवाय जातमुचलका जप्त होऊन जामीनदाराला नोटीस जाते. आपल्याकडे जामीनदार म्हणजे मेहुणा, शेजारी, नाहीतर कारखान्याचा मालक. ज्याने आपल्यावर विश्वास ठेवून सातबारा दिला, त्याच्या दारात कोर्टाची नोटीस जाऊ देणं यासारखं वाईट काही नाही.

जामिनावर असताना पुरेशा कारणाशिवाय हजर न राहणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम २६९ खाली वेगळा गुन्हाही आहे.

म्हणून कळल्या कळल्या वकिलाला घेऊन स्वतः कोर्टात जा. पोलिसांनी आणण्याआधी गेलात तर फरक पडतो. वॉरंट रद्दचा अर्ज द्या, त्यात का येता आलं नाही ते कागदानिशी लिहा, जामीनदाराला सोबत न्या. पहिल्यांदा असेल तर कोर्ट थोडा दंड किंवा खर्च लावून बहुधा वॉरंट रद्द करतं. सर्वोच्च न्यायालयाने इंदर मोहन गोस्वामी या २००७ च्या निकालात म्हटलंय की आधी समन्स, मग जामीनपात्र वॉरंट आणि शेवटी अजामीनपात्र, असा क्रम ठेवावा. तुमच्या बाबतीत थेट अजामीनपात्र निघालं असेल तर वकील हा मुद्दा मांडू शकतात.

अर्ज नामंजूर झाला तर

आदेश वाचा. कारण लिहिलेलं असतं. दाखला नाही, गुन्हा गंभीर, साक्ष अडते, असं काही. कारण दूर करून पुन्हा अर्ज देता येतो, त्याला बंदी नाही. आजार वाढला, साक्षीचा टप्पा बदलला, की परिस्थिती बदलली. सेशन्स कोर्टात रिव्हिजन, म्हणजे आदेश तपासून बघण्याची विनंती, करायची म्हटली तर 'हा अंतरिम आदेश आहे, रिव्हिजन चालत नाही' असा आक्षेप समोरून येतो, म्हणून बरेच वकील नव्या संहितेच्या कलम ५२८ खाली हायकोर्टात जातात. त्यासाठी आता सोलापूरकरांना मुंबई गाठायची गरज नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच सुरू झालंय आणि सोलापूर जिल्हा त्याच्याकडे आहे. तरी साध्या केससाठी तिथपर्यंत जाण्याआधी खर्चाचा हिशेब करा. बऱ्याचदा दुसरा, नीट लिहिलेला अर्ज तेच काम करतो.

निकालाचा दिवस

त्या दिवशी या. कायद्यात सवलत आहे ती एवढीच की खटल्यात हजेरी माफ झालेली असेल आणि निकाल निर्दोष सुटकेचा किंवा फक्त दंडाचा असेल तर आरोपी नसला तरी चालतं. निकाल काय लागणार हे आधी कुणालाच ठाऊक नसतं, म्हणून यायचंच.

जामीनदाराला सोबत आणा, त्याच्या कागदांसह. खटला संपण्याआधी कोर्ट सहा महिन्यांसाठी वेगळा मुचलका घेतं, वरच्या कोर्टाने बोलावलं तर हजर राहण्यासाठी. निर्दोष सुटलात तरी तो द्यावा लागतो. आणि उलट झालं, शिक्षा तीन वर्षांपर्यंतची लागली, तर तुम्ही जामिनावर असल्यामुळे तेच कोर्ट अपील करायला वेळ मिळावा म्हणून त्याच दिवशी जामीन देऊ शकतं. तो अर्ज वकिलाने आदल्या दिवशीच टाईप करून ठेवलेला असावा. खिशात दंडापुरते पैसे असू द्या. मुलांना सांगून या की संध्याकाळी उशीर होईल.